किलफेनोराचे बिशप म्हणजे खुद्द पोप, ते कसे?

आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावर क्लेअर ही काउंटी आहे. तिच्या उत्तर टोकाला बरेन नावाचा उघड्या खडकांचा प्रदेश लागतो, आणि त्याच्या दक्षिण कडेला किलफेनोरा हे गाव आहे. लोकवस्ती काही शेकड्यांची. एक चौक, दोन-तीन पब, जुनं कॅथेड्रल आणि भोवताली दगडी गडग्यांनी वेढलेली शेतं. गावाची ओळख करून देताना तिथले लोक एक गोष्ट हमखास सांगतात : आमचे बिशप म्हणजे खुद्द पोप.

पहिल्यांदा ऐकणाऱ्याला ही गावगप्प वाटते. पण तिच्यामागे आठशे-नऊशे वर्षांचा हिशेब आहे. तो हिशेब उलगडायला लागलं की एकातून दुसरी गोष्ट निघत जाते : चर्चमधून दगड, दगडातून गुरं, गुरांमधून नावं, आणि शेवटी नाच. म्हणून सुरुवात पोपपासूनच करू.

धर्मप्रांत म्हणजे एका बिशपच्या देखरेखीखालचा मुलूख. वसईकडच्या वाचकांना हा शब्द ओळखीचा असेल. बिशपची गादी ज्या चर्चमध्ये असते ते कॅथेड्रल. जुन्या आयर्लंडमध्ये मात्र ही व्यवस्था अशी आखीव नव्हती. तिथे मोठी शहरं नव्हती, त्यामुळे धर्माचा कारभार मठांभोवती फिरायचा आणि मठाधिपतीचा शब्द बिशपपेक्षा वरचढ ठरायचा. किलफेनोरातही संत फाख्तना यांनी सहाव्या शतकात मठ स्थापला असं परंपरा सांगते. गावाच्या नावातला 'किल' म्हणजे चर्च. आयर्लंडच्या नकाशावर 'किल'ने सुरू होणारी जी असंख्य गावं दिसतात, त्यांतल्या बहुतेकांच्या पोटात असंच एखादं जुनं चर्च दडलेलं असतं.

बाराव्या शतकात युरोपातल्या चर्चसारखी सीमा आखून धर्मप्रांत करायचं ठरलं. ११११ साली राथ ब्रेसल इथे धर्मसभा भरली. तिथल्या वाटणीत किलफेनोराच्या वाट्याला काहीच आलं नाही. त्याचा मुलूख किलालू या धर्मप्रांताखाली गेला, आणि किलालू म्हणजे त्या वेळच्या बलाढ्य ओब्रायन राजांचं ठाणं. किलफेनोराच्या भागात कॉर्कमरो नावाच्या जुन्या टोळीची वस्ती होती. पुढच्या चाळीस वर्षांत चक्रं फिरली आणि ११५२ च्या केल्सच्या धर्मसभेत किलफेनोराला स्वतंत्र धर्मप्रांत म्हणून मान्यता मिळाली. आयर्लंडमधला हा अगदी चिमुकला धर्मप्रांत. त्याची हद्द म्हणजे त्या टोळीच्या राज्याची हद्द. टोळी गेली, राज्य गेलं, पण त्यांची शीव चर्चच्या कागदावर राहून गेली.

एवढा लहान आणि गरीब धर्मप्रांत चालवणं अवघड होतं. धर्मसुधारणेनंतर, म्हणजे प्रोटेस्टंट पंथ कॅथलिकांपासून वेगळा झाल्यावर, कॅथेड्रलची इमारत प्रोटेस्टंट चर्चकडे गेली आणि कॅथलिकांना लपतछपत कारभार करावा लागला. १७५० मध्ये कॅथलिक चर्चने किलफेनोराला शेजारच्या किलमॅकडूआला जोडलं. इथे एक पेच आला. किलमॅकडूआ हा ट्यूअमच्या आर्चबिशपांच्या कक्षेतला, किलफेनोरा कॅशेलच्या आर्चबिशपांच्या. एकच माणूस दोन वरिष्ठांच्या हाताखाली बिशप कसा असेल? तोड अशी निघाली, की त्या माणसाने एका ठिकाणी बिशप असावं आणि दुसऱ्या ठिकाणी फक्त प्रशासक. आणि त्याच्यानंतर येणाऱ्याने नेमकं उलट. १८८३ मध्ये किलमॅकडूआ गॉलवेच्या धर्मप्रांतात कायमचा मिसळला. किलफेनोराची कक्षा वेगळी, म्हणून त्याला मिसळता येईना. मग गॉलवेचे बिशप हे किलफेनोराचे प्रशासक ठरले. असा प्रशासक स्वतःच्या अधिकाराने काम करत नाही, पोपच्या वतीने करतो. गादी तर रिकामी आहे आणि तिच्यावतीने काम पाहणारा पोपचं नाव घेऊन काम पाहतो. मग बिशप कोण? गावाने आपलं उत्तर शोधलं. चर्चच्या कायद्याचा अभ्यासक हेच वाक्य जपून, चार अटी घालून बोलेल, पण मला गावकऱ्यांचं वाक्यच मर्माच्या जवळ वाटतं. ज्या गावाला कुणीही सहज पुसून टाकलं असतं, ते हद्दीच्या एका पेचामुळे टिकलं, आणि तो पेच त्यांनी अभिमानाने जपला.

आता कॅथेड्रलकडे वळू. आज त्याचा एक भाग छप्पर घातलेला आहे आणि तिथे प्रोटेस्टंट चर्च आहे. पूर्वेकडचा भाग उघडा, भग्न. पण पाहायला लोक येतात ते दगडी क्रूसांसाठी. किलफेनोराला 'क्रूसांचं शहर' म्हणतात. कॅथेड्रल असलेलं ठिकाण म्हणून शहर, आणि एकेकाळी इथे सात क्रूस होते असं सांगतात म्हणून क्रूसांचं. हे क्रूस बहुतेक बाराव्या शतकातले, म्हणजे धर्मप्रांताची मान्यता मिळण्याच्या आगेमागे उभे राहिलेले.

त्यांतला डॉर्टी क्रूस सर्वांत बोलका. त्याच्या एका बाजूला वरती एक बिशप कोरला आहे. त्याच्या खाली दोन धर्मपुरुष हातात हात गुंफून उभे आहेत, आणि त्यांच्या हातांतल्या धर्मदंडांची टोकं खालच्या पंखवाल्या हिंस्र प्राण्यावर रोखलेली आहेत. नीट पाहिलं तर तिघांचे धर्मदंड वेगवेगळे दिसतात. एकाचं टोक गोल वळलेलं, एकाचं खाली झुकलेलं आयरिश पद्धतीचं, तर एकाचं चक्क इंग्रजी टी अक्षरासारखं. जुनी आयरिश रीत आणि युरोपातून आलेली नवी रीत एकाच दगडावर शेजारी उभी आहेत. काही अभ्यासकांच्या मते हा क्रूस म्हणजे नव्या धर्मप्रांताची ग्वाहीच आहे : आम्हालाही बिशप आहे, पाहा. मला हे पटतं. केल्सला जे मिळवलं ते कागदावर सगळ्यांना वाचता येणार नव्हतं, दगडावर मात्र येत होतं.

याच क्रूसाचा खालचा तुकडा बराच काळ डॉर्टी कुटुंबाच्या थडग्यावर खूण म्हणून वापरात होता. नाव पडलं ते त्यावरून. विसाव्या शतकाच्या मध्याला दोन्ही तुकडे पुन्हा जोडले गेले. थडग्यावर ठेवला म्हणून कुणी हळहळतं, पण मी तसं म्हणणार नाही. थडग्यावर होता म्हणून तो कुणी फोडला नाही, गडग्यातही घातला नाही. दुसरा एक क्रूस गावाबाहेर गेला तो कायमचा. १८२१ मध्ये प्रोटेस्टंट बिशप रिचर्ड मँट यांनी तो किलालूला नेला. आज तो तिथल्या सेंट फ्लॅनन कॅथेड्रलमध्ये आहे. दोनशे वर्षं झाली तरी किलफेनोराच्या क्रूसांची मोजदाद करताना तोही धरतात.

हे क्रूस चुनखडकाचे. पावसाचं पाणी हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषून थोडं आम्ल होतं, आणि त्या आम्लात चुनखडक विरघळतो. अतिशय हळू, पण थांबत नाही. अटलांटिकवरून वर्षभर पाऊस झेलणाऱ्या गावात आठशे वर्षांनी चेहऱ्यांच्या रेघा पुसट होणारच. म्हणून २००५ मध्ये कॅथेड्रलच्या एका उघड्या भागावर काचेचं छप्पर घालून डॉर्टी क्रूस आणि त्याचे काही सोबती आत आणले गेले. पश्चिमेकडचा क्रूस मात्र अजून शेतात उभा आहे, चार मीटरहून उंच, सडपातळ, बांगडीसारख्या कड्याने मस्तक वेढलेला.

क्रूस खाणारं जे रसायन, त्यानेच भोवतालचा सगळा प्रदेश घडवला आहे. बरेन या नावाचा अर्थच खडकाळ जागा. सुमारे ३३ कोटी वर्षांपूर्वी उथळ, उबदार समुद्राच्या तळाशी साचलेला हा चुनखडक. हिमयुगाच्या बर्फाने तो घासून उघडा केला. सुमारे सहा हजार वर्षांपूर्वी आलेल्या पहिल्या शेतकऱ्यांनी झाडं तोडायला सुरुवात केली आणि पुढे पातळ मातीही वाहून गेली. पाण्याने भेगा रुंद केल्या. आज तिथे राखाडी दगडाच्या फरसबंदीसारखे सपाट तुकडे आणि त्यांच्यामध्ये हातभर खोल भेगा दिसतात. पाऊस पडला की पाणी त्या भेगांतून थेट पोटात जातं, म्हणून वर नद्या जवळजवळ नाहीत. उलट काही खोलगट जागांत पावसाळी दिवसांत जमिनीखालून पाणी वर येतं, तळं भरतं, आणि काही दिवसांनी तळं गायब! अशा तळ्यांना आयरिशमधून आलेला 'टर्लोख' हा शब्द जगभरचे भूशास्त्रज्ञ वापरतात.

अशा जागी शेती कसली, असं कुणालाही वाटेल. पण इथलं गुरं राखायचं शहाणपण मला या साऱ्या वारशातलं सर्वांत मोलाचं वाटतं.

युरोपात डोंगराळ भागात सगळीकडे रीत एकच : उन्हाळ्यात गुरं वर न्यायची, थंडीत खाली आणायची. बरेनमध्ये नेमकं उलट करतात. ऑक्टोबर संपता संपता गुरं वर खडकाळ कुरणांवर चढवतात आणि एप्रिलअखेर खाली आणतात. याला म्हणतात 'विंटरेज'. कारणं समजून घेतली की ही रीत विचित्र वाटत नाही. राखाडी खडक उन्हाळाभर ऊन पितो आणि थंडीत ती ऊब हळूहळू सोडतो. समुद्राची उबदार हवा जवळ आहे, त्यामुळे बर्फ क्वचितच साचतं. पाणी भेगांत मुरून जातं, म्हणून पायाखाली चिखल नसतो; खालच्या जमिनी मात्र थंडीत दलदलीसारख्या होतात. आणि उन्हाळ्यात? उन्हाळ्यात वर प्यायला पाणीच नसतं. गुरं खाली असलेलीच बरी.

आता याचा दुसरा परिणाम पाहा. उन्हाळाभर गुरं वर नसल्याने फुलं निवांत फुलतात आणि बी धरतात. हिवाळ्यात गुरं वर येऊन वाळकं, दाट गवत खाऊन टाकतात. वसंतात जमीन मोकळी मिळाली की फुलं पुन्हा वर येतात. आल्प्समध्ये वाढणारं गर्द निळं जेन्शियन, ध्रुवीय प्रदेशातलं पांढरं ड्रायस आणि भूमध्य समुद्राकाठचं एक ऑर्किड इथे एकमेकांना लागून फुलतं. आयर्लंडच्या मूळ वनस्पतींपैकी सुमारे ७० टक्के जाती या छोट्याशा प्रदेशात आढळतात. भेगांच्या सावलीत हंसराजसारखा नाजूक नेचाही वाढतो.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही घडी विस्कटली. गोठे मोठे झाले, मुरघास खाली हाताशी मिळू लागला, मोठ्या अंगाच्या गाई आल्या, आणि गुरं वर नेण्याची तसदी कमी झाली. गवत दाटलं, हेझलची झुडपं पसरली, फुलांची जागा गेली. फुलं वाचवायची तर शेतकऱ्याला हटवा, असं म्हणणारे तेव्हा होते. पण अभ्यासातून उलटंच दिसलं : गुरं काढली तर फुलं जातात. २००५ ते २०१० या काळात युरोपीय संघाच्या मदतीने बरेनमध्ये एक प्रयोग झाला आणि पुढे तो मोठ्या योजनेत वाढला. शेतकऱ्याला अमुक करा, तमुक करू नका, असं सांगण्याऐवजी दरवर्षी त्याच्या कुरणाला दहापैकी गुण द्यायचे आणि गुणांप्रमाणे पैसे. झुडपं कशी काढायची, पाण्याची सोय कशी करायची, हे ज्याचं त्याने ठरवायचं. निसर्ग सांभाळणं हे शेतकऱ्याचं उत्पादन मानलं गेलं, आणि दुधामांसासारखी त्याचीही किंमत ठरली. याच्याइतका सरळ विचार मी सरकारी योजनांत क्वचित पाहिला आहे.

वारसा कुणाचा, हा प्रश्न इथे एकदा फार चिघळलाही होता. १९९१ मध्ये सरकारने किलफेनोरापासून थोड्याच अंतरावरच्या मुलाखमोर या डोंगराच्या पायथ्याशी पर्यटकांसाठी मोठं माहिती केंद्र बांधायचं ठरवलं. शेजारी शेजाऱ्याशी बोलेनासा झाला. रोजगार येईल म्हणणारे एका बाजूला, ज्यासाठी लोक येणार तेच बांधकामाने बिघडेल म्हणणारे दुसऱ्या बाजूला. दोघांचीही कळकळ खरी होती. ज्या भागातून पिढ्यान्‌पिढ्या तरुण निघून गेले, तिथे रोजगाराची आशा हलकी लेखता येत नाही. प्रकरण न्यायालयात गेलं, आणि १९९३ मध्ये निकाल आला की सरकारी खात्यालाही बांधकामाची परवानगी घ्यावीच लागेल. शेवटी २००० मध्ये ती परवानगी नाकारली गेली आणि झालेलं काम पाडून जागा पूर्ववत करण्यात आली. किलफेनोराच्या चौकात मात्र १९७५ पासून स्थानिक लोकांनीच उभारलेलं बरेनचं माहिती केंद्र होतं. गावात, चौकात, डोंगरापासून लांब.

जमिनीच्या नावांबद्दल थोडं सांगायला हवं. आयर्लंडमध्ये गावापेक्षाही लहान असं जमिनीचं एक एकक आहे, 'टाउनलँड'. नावात टाउन असलं तरी शहराशी संबंध नाही. काही शेतं, दोन-चार घरं, कधी एकही घर नाही. देशभर असे साठ हजारांहून अधिक आहेत आणि प्रत्येकाला नाव आहे. किलफेनोराजवळच्या एकाचं नाव बॅलीकिनवार्गा. आयरिशमध्ये त्याचा अर्थ बाजाराच्या टोकाची वस्ती. आज तिथे बाजार नाही. दगडी किल्ला आहे, आणि घोडेस्वारांना अडवायला त्याच्याभोवती उभे रोवलेले टोकदार दगड. बाजाराची आठवण फक्त नावात उरली आहे.

ही नावं नकाशावर आली ती १८२४ मध्ये सुरू झालेल्या मोजणीत. कर बसवायचा तर हद्दी नक्की हव्यात, म्हणून थॉमस कोल्बी यांच्या हाताखाली सगळा देश मैलाला सहा इंच या प्रमाणात मोजला गेला. या मोजणीचा आपल्याशी थेट संबंध आहे. उन्हाने धातूची पट्टी लांबते आणि माप चुकतं, म्हणून कोल्बींनी लोखंड आणि पितळ यांची जोडपट्टी तयार केली. दोन धातूंचं कमीजास्त प्रसरण एकमेकांना छेद देतं आणि ठरवलेल्या दोन खुणांमधलं अंतर कायम राहतं. भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाचे प्रमुख जॉर्ज एव्हरेस्ट रजेवर असताना आयर्लंडमध्ये ही पद्धत पाहायला गेले, तशाच पट्ट्या घेऊन १८३० मध्ये परतले आणि कोलकात्याजवळची आधाररेषा त्यांनी मोजली. आयर्लंडच्या शेतांसाठी घडलेल्या मापाने आपला देश मोजला गेला.

क्लेअरमध्ये १८३९ साली जॉन ओडोनोव्हन आणि यूजीन ओकरी हे दोघे आयरिशचे विद्वान गावोगाव फिरले, म्हाताऱ्याकोताऱ्यांना विचारून नावांचे उच्चार आणि अर्थ टिपले. नकाशावर नावं इंग्रजी वळणाने उतरली हे खरं, पण मूळ रूपं त्यांच्या टिपणांत राहिली. हे काम अगदी वेळेवर झालं. १८४५ पासून बटाट्यावर रोग पडला आणि महादुष्काळ आला. १८४१ मध्ये क्लेअरची लोकसंख्या सुमारे २ लाख ८६ हजार होती. १८५१ मध्ये २ लाख १२ हजार. नावं सांगणारी किती तोंडं त्या दहा वर्षांत मिटली असतील. पुढे १९३७ ते १९३९ मध्ये देशभरच्या शाळांतल्या मोठ्या मुलांना आजी-आजोबांकडून गोष्टी, म्हणी, औषधं, विहिरींच्या आख्यायिका लिहून आणायला सांगितलं गेलं. त्या वह्यांची लाखो पानं आज कुणालाही संगणकावर वाचता येतात. शाळकरी अक्षरात लिहिलेला तो देशाचा इतिहास वाचताना मी तासन्‌तास अडकून पडलो आहे.

राहिला नाच. क्लेअरमध्ये पूर्वी नाच घरात व्हायचा. चार जोड्या समोरासमोर उभ्या राहून 'सेट' नाचायच्या. ही रचना मूळची युरोपातल्या क्वाड्रिल या जोड्यांच्या नाचाची, पण तिच्यावर सूर चढले ते इथले, आणि पाय आपटण्याची ढब तर खास क्लेअरची. वादनाला एखादं फिडल (म्हणजे व्हायोलिनच) किंवा कॉन्सर्टिना ही हातात धरायची छोटी भात्याची पेटी पुरायची. बाकीचा ठेका दगडी लाद्यांवरच्या बुटांचा. ठेका घुमावा म्हणून लादीखाली घोड्याची कवटी पुरत, असं आयर्लंडच्या अनेक भागांत सांगितलं जाई.

१९३५ मध्ये कायदा आला : परवान्याशिवाय सार्वजनिक नाच करता येणार नाही. त्यात घरातल्या नाचाचा खास उल्लेख नव्हता, पण धर्मगुरू आणि पोलीस यांनी तो घरांपर्यंत ताणला. नाच स्वयंपाकघरातून धर्मग्रामाच्या, म्हणजे गावच्या चर्चच्या, सभागृहात गेला. मोठ्या सभागृहात, शंभर पायांच्या आवाजात एकटं फिडल कुणाला ऐकू येणार? म्हणून अनेक फिडल, बासऱ्या, अकॉर्डियन एकत्र, ठेक्याला ड्रम आणि पियानो, असा 'केली बँड' हा प्रकार जोमाने वाढला. किलफेनोरात तो आधीपासूनच होता. १९०९ च्या सुमारास चर्चवरचं कर्ज फेडायला पैसे हवेत म्हणून गावातल्या वादकांनी एकत्र येऊन वाजवायला सुरुवात केली, तोच हा किलफेनोरा केली बँड. १९५४, १९५५ आणि १९५६ अशी सलग तीन वर्षं तो अखिल आयर्लंड स्पर्धेत पहिला आला. पियानोवर असत किटी लिनेन. सुमारे चाळीस वर्षं हा बँड त्यांनी सांभाळला. १९९३ ते १९९५ मध्ये सलग तीनदा पुन्हा तेच यश मिळालं, आणि वाजवणाऱ्यांत जुन्या वादकांची मुलं-नातवंडं होती.

बँड अजून वाजतो. चर्चचं कर्ज फिटून तर कधीच झालं.